नव्या युद्धनौका येत असताना ताफा मोठा का दिसत नाही?

प्रश्न असा आहे: १५ जानेवारी २०२५ ला मुंबईत एकाच दिवशी सुरत, निलगिरी आणि वागशीर ही पाणबुडी अशा तीन नौका नौदलात दाखल झाल्या. त्यानंतरही अशा बातम्या येतच आहेत. मग एकूण संख्या वर्षानुवर्षं तिथल्या तिथे का? आधुनिकीकरण म्हणजे जुनं टाकून नवं घेणं एवढंच का? आणि एक जहाज बांधायला सात-आठ वर्षं कशी लागतात? प्रश्नाच्या शेवटी तुम्ही लिहिलंय की तुमच्या धाकट्या भावाने सांगलीत मेकॅनिकलचा डिप्लोमा केला आहे आणि त्याला या क्षेत्रात यायचं आहे. त्याच्याबद्दल शेवटी लिहितो.

माझी ओळख एवढीच: लोणावळ्याच्या आयएनएस शिवाजीत आर्टिफिसर, म्हणजे नौदलातला यंत्र-कारागीर, म्हणून शिकलो, पंधरा वर्षं जहाजांच्या इंजिन रूममध्ये काढली आणि पुढची एकवीस वर्षं रिफिटच्या कामात. रिफिट म्हणजे जहाज ठरलेल्या काळाने समुद्रातून काढून, उघडून, दुरुस्त करून पुन्हा पाण्यात सोडणं. त्यामुळे मी ताफ्याकडे खालून, गोदीच्या तळातून बघतो. तोफा आणि क्षेपणास्त्रांबद्दल माझ्यापेक्षा जास्त सांगणारे पुष्कळ आहेत.

सुरुवात २८ सप्टेंबर २०१९ पासून करतो. त्या दिवशी मुंबईत तीन कार्यक्रम झाले. खांदेरी ही पाणबुडी नौदलात दाखल झाली. माझगाव डॉकमध्ये नव्या निलगिरीचं जलावतरण झालं. आणि नौदलाच्या गोदीत विमानवाहू नौका घेता येईल अशी २८१ मीटर लांब, ४५ मीटर रुंद आणि १७ मीटर खोल सुकी गोदी सुरू झाली. दुसऱ्या दिवशी पेपरात पाणबुडीचा मोठा फोटो होता, निलगिरीचाही होता. गोदीचा उल्लेख बातमीच्या शेवटी. आमच्यासाठी मात्र त्या दिवसाची सगळ्यात मोठी बातमी ती गोदीच होती. तोवर मुंबईत एवढं मोठं जहाज कोरड्यात घ्यायची सोयच नव्हती. विराट आणि विक्रमादित्य या विमानवाहू नौकांना तळ तपासून घ्यायला कोचीला जावं लागलं आहे, तेही तिथली गोदी मोकळी असेल तेव्हा. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं अर्धं उत्तर त्या गोदीत आहे.

जहाज कोरड्यात घेणं म्हणजे काय हे पाहिल्याशिवाय हे पटायचं नाही, म्हणून जरा सविस्तर सांगतो. आधी रिकाम्या गोदीच्या तळावर ब्लॉक, म्हणजे जहाज ज्यांवर टेकणार ते ठोकळे, मांडतात. त्या जहाजाच्या तळाचा आकार नकाशावरून घेऊन प्रत्येक ब्लॉकची उंची ठरवलेली असते. सोनारचा (पाण्याखाली आवाजाने शोध घेणाऱ्या यंत्राचा) घुमट, प्रोपेलरचे शाफ्ट, समुद्राचं पाणी आत घेणारी तोंडं, या कशालाही ब्लॉक लागून चालत नाही. मग गोदीत पाणी भरायचं, आणि मोठं जहाज असेल तर भरतीची वाट बघायची. मुंबईच्या बंदरात भरती-ओहोटीचा फरक मोठा आणि तळाशी गाळ. म्हणून आमची तारीख उधाण ठरवायचं. ते चुकलं की पुढच्या उधाणापर्यंत, म्हणजे पंधरा दिवस थांबा. जहाज आत आलं की कॅसन, म्हणजे गोदीचं दार, बंद होतं आणि पंप सुरू होतात. पाणी उतरत जातं तसे दोऱ्या सैल-घट्ट करत जहाज मधल्या रेषेवर ठेवायचं, पाणबुडे खाली जाऊन बघणार, आणि कुठल्या तरी क्षणी कील, म्हणजे जहाजाच्या तळाचा मधला कणा, ब्लॉकवर टेकते. त्या क्षणी गोदीच्या काठावर कोणी बोलत नाही. जहाज तरंगतही नसतं आणि पुरतं बसलेलंही नसतं. बाहेर काढताना पुन्हा तोच धोका. डिसेंबर २०१६ मध्ये मुंबईत आयएनएस बेतवा गोदीतून बाहेर काढतानाच कलंडली आणि दोन नौसैनिक गेले. त्याच बेतवाला सरळ करून, दुरुस्त करून पुन्हा समुद्रात धाडलं गेलं. ते काम ज्यांनी केलं त्यांच्याबद्दल मला कायम आदर वाटतो.

पाणी उतरलं की वास येतो. तळाला चिकटलेली कालवं, शेवाळ, गाळ, सगळं उन्हात तापायला लागतं. हाय प्रेशरच्या पाण्याने ते काढायचं, गंजू नये म्हणून लावलेले आणि आता झिजून अर्धे राहिलेले जस्ताचे ठोकळे बदलायचे आणि मग हल सर्व्हे, म्हणजे जहाजाच्या बाहेरच्या पत्र्याची तपासणी. हातात अल्ट्रासोनिक गेज घेऊन माणूस पत्र्यावर इंच-इंच फिरतो. थोडं जेल लावायचं, प्रोब टेकवायचा, आकडा बघायचा. मूळ जाडी बारा मिलिमीटर होती आणि गेज नऊ दाखवतंय, तर तो पत्रा कापून नवा घालायचा. तो पत्रा एखाद्या टाकीच्या खाली आला, तर आधी ती टाकी रिकामी करा, तिच्यातला गॅस काढा, तपासून घ्या, मग वेल्डर आत जाणार. कागदावर चार दिवसांचं काम तीन आठवड्यांचं होतं ते इथे.

आता गणित. प्रत्येक जहाजाला काही महिन्यांनी छोटा रिफिट, काही वर्षांनी मोठा, आणि आयुष्याच्या मध्यावर एक फार मोठा रिफिट लागतो. त्यात इंजिनांपासून रडारपर्यंत बरंच बदलतं. कुठल्याही दिवशी तीन जहाजांपैकी एक दुरुस्तीत असतं, असं नौदलांमधलं जुनं गणित आहे आणि माझाही अनुभव तोच. म्हणजे संख्येच्या मागे धावताना दोन आकडे वेगळे ठेवायला हवेत: यादीत किती आणि समुद्रावर किती. गोदी वेळेवर मिळाली नाही किंवा एका जहाजाने ती चार महिने जास्त अडवली, तर यादी तीच राहते पण समुद्रावरचा आकडा खाली येतो. नवीन जहाज न घेता ताफा वाढवायचा असेल, तर रिफिट वेळेत संपवणं हा त्याचा मार्ग. कोरड्या गोदीवर खर्च केलेला रुपया मला नव्या जहाजावरच्या रुपयाइतकाच महत्त्वाचा वाटतो. कारवारच्या तळावर १०,००० टनांपर्यंतचं जहाज उचलून किनाऱ्यावर ठेवणारी शिपलिफ्ट आहे, तीही याच कामाची.

यादीतला आकडाही हलत नाही, त्याचं कारण वयात आहे. आयएनएस राजपूत ४ मे १९८० ला दाखल झाली आणि २१ मे २०२१ ला निवृत्त झाली. एकेचाळीस वर्षं. तिच्या आगेमागे आलेली सोव्हिएत बनावटीची विनाशिका, पाणबुड्या, क्षेपणास्त्र नौका, सुरुंगविरोधी नौका यांची मोठी लाट १९८० च्या दशकात आपल्याकडे आली. एकत्र आलेली माणसं एकत्रच निवृत्त होतात, जहाजंही तशीच. त्या लाटेनंतर पैशाची चणचण आली, १९९१ चं आर्थिक संकट आलं आणि मोठ्या नौकांच्या मागण्या कित्येक वर्षं अडल्या. त्या न दिलेल्या मागण्यांचं भगदाड तीस वर्षांनी दिसतं, आणि ते आपण आज बघतो आहोत. गेल्या काही वर्षांत नव्या नौका आल्या त्या बऱ्याचशा ही रिकामी जागा भरण्यातच खर्ची पडल्या. नौदलाचं उद्दिष्ट २०३५ पर्यंत १७५ नौकांचं आहे. भारतीय गोद्यांमध्ये आज डझनावारी नौका बांधल्या जात आहेत, त्यामुळे ते अशक्य म्हणणार नाही. पण निवृत्त होणाऱ्या वजा करत बसावं लागणार हे लक्षात ठेवा.

दुसरा प्रश्न, आधुनिकीकरण म्हणजे काय. याला मी दोन निलगिरींचं उदाहरण देतो. पहिली निलगिरी माझगाव डॉकने बांधलेली, ब्रिटिश लिअँडर आराखड्यावरची, ३ जून १९७२ ला दाखल झाली. तिच्या वर्गात, म्हणजे त्याच आराखड्यावरच्या, सहा नौका होत्या. त्यांपैकी एकीवर मी पहिली तीन वर्षं काढली. वाफेचं जहाज. दोन बॉयलर, भट्टीचं जाड तेल, आणि साडेचारशे अंशांच्या आसपासची कोरडी वाफ. ती वाफ डोळ्यांना दिसत नाही. पाइपाच्या फ्लँजमधून, म्हणजे जोडाच्या कडीतून, बारीक गळती असेल तर नुसता चिरका आवाज येतो, आणि तिथे हात गेला तर हात जातो. आम्ही काठीच्या टोकाला फडकं बांधून ती पाइपाच्या कडेने हळूहळू पुढे सरकवायचो. फडकं एकदम उडालं किंवा फाटलं की गळती तिथे. थंड बॉयलर पेटवून जहाज निघायला तयार होईपर्यंत कित्येक तास जायचे. सकाळी आठला निघायचं तर आम्ही मध्यरात्री खाली. मे महिन्यात बॉयलर रूममधून वर आलो की मुंबईची हवा थंड वाटायची.

नवी निलगिरी १४९ मीटर लांब, ६,६७० टनांची, जुनीच्या दुपटीहून जड. तिच्यात दोन डिझेल इंजिनं आहेत आणि दोन गॅस टर्बाइन. रोजच्या गस्तीला डिझेल, जोर लावायचा असेल तेव्हा टर्बाइन. हे टर्बाइन मुळात विमानाच्या इंजिनातून आलेलं आहे, काही मिनिटांत चालू होतं. आणि बिघडलं तर ते जागेवर उघडत बसायचं नसतं. हवा आत येणाऱ्या मोठ्या मार्गातून अख्खं टर्बाइन उचलून बाहेर काढायचं, दुसरं बसवायचं, आणि पहिलं कारखान्यात धाडायचं. या जातीच्या टर्बाइनचं काम बेंगळुरूला हिंदुस्तान एरोनॉटिक्सकडे होतं, युक्रेनी जातीचं विशाखापट्टणमला आयएनएस एक्सिलामध्ये. जहाज आणि त्याची दुरुस्ती यांचं नातंच यामुळे बदललं. आमच्या पिढीचा कारागीर बॉयलरच्या आत शिरून नळ्या बदलायचा. आजचा कारागीर बोअरोस्कोपची नळी टर्बाइनमध्ये घालून पडद्यावर पात्यांच्या कडा बघतो आणि सांगतो, अजून इतके तास चालेल. हे आधुनिकीकरण. नाव तेच, पण त्यामागचं सगळं शिक्षण, सुटे भाग, हत्यारं, माणसं बदललेली.

जुन्या जहाजातही आधुनिकीकरण होतं, आणि काही वेळा तेच जास्त मोलाचं असतं. राजपूत म्हातारी होत असताना, २००५ मध्ये, तिच्यावर ब्रह्मोस बसवलं गेलं. पंचवीस वर्षांच्या शरीरात आवाजाच्या जवळजवळ तिप्पट वेगाने जाणारं क्षेपणास्त्र. ऐकायला सोपं वाटतं. पण नवीन शस्त्र म्हणजे नवीन वजन. वजन वर गेलं की जहाजाचा तोल बदलतो, म्हणून कुठून तरी जुनं काढा. नवीन शस्त्राला वीज लागते, थंड पाणी लागतं, नवे केबल लागतात, आणि केबल न्यायचे तर पाणी न शिरणाऱ्या भिंतींना भोकं पाडा आणि ती पुन्हा तशीच बंद करा. एका रिफिटमध्ये मी जुने केबल काढण्याच्या कामावर होतो. कोणत्या केबलचं काम काय हे कोणालाच सांगता येईना, कारण वीस वर्षांत प्रत्येक रिफिटने जुने तसेच सोडून वर नवे टाकले होते. आम्ही पाच जण सहा आठवडे फक्त टोकं शोधून चिठ्ठ्या बांधत होतो. नवा केबल त्यानंतर पडला.

सुट्या भागांची गोष्ट याहून अवघड. परदेशी बनावटीच्या एका जहाजावर समुद्राचं पाणी आत घेणारा एक व्हॉल्व्ह गेला. गोलाकार, साधारण ताटाएवढा, आगीच्या पंपाच्या लाइनवरचा. तो पाण्याच्या रेषेखाली असल्याने गोदीत असतानाच बदलता येतो. मूळ देशाकडे मागणी गेली, उत्तर आलं नाही. मग एका पुरवठादाराने प्रमाणपत्रासकट नवा आणून दिला. आम्ही तो हायड्रॉलिक टेस्टला लावला आणि ठरलेल्या दाबाच्या अर्ध्यावरच त्याच्या अंगातून घाम आल्यासारखं पाणी झिरपायला लागलं. ओतकामात बारीक पोकळ्या राहिल्या होत्या. प्रमाणपत्रावर विसंबून तो बसवला असता तर समुद्रात इंजिन रूममध्ये पाणी शिरलं असतं, त्या पुरवठादाराचा राग मला अजून येतो. शेवटी राजापूरकडच्या एका जुन्या पॅटर्नमेकरने मोडक्या व्हॉल्व्हवरून सागवानी साचा केला. पहिली तीन ओतकामं टेस्टला टिकली नाहीत. चौथं टिकलं. तोवर अकरा आठवडे गेले, आणि त्या गोदीसाठी बाहेर थांबलेलं दुसरं जहाज तितकेच आठवडे थांबलं. आता सांगा, तुमच्या आकडेवारीत हे कुठे दिसणार?

याच धाग्यावर एका शहराचं नाव सांगतो, कारण त्याच्याशिवाय आपल्या ताफ्याची गोष्ट पुरी होत नाही. काळ्या समुद्राजवळचं मिकोलाइव, जुन्या रशियन उच्चारात निकोलायेव, आज युक्रेनमध्ये. राजपूत तिथल्या गोदीत बांधली गेली. आपल्या बऱ्याच मोठ्या नौकांची गॅस टर्बाइन तिथल्या झोऱ्या-माशप्रोयेक्त या कारखान्याची आहेत. सुरत आणि तिच्या तीन बहिणी, विशाखापट्टणम, मोरमुगाव, इंफाळ, या सगळ्या प्रत्येकी चार अशा टर्बाइनवर तीस नॉटच्या, म्हणजे तासाला तीस सागरी मैलांच्या, पुढे जातात. १९९१ मध्ये सोव्हिएत संघ मोडला तेव्हा माझगाव डॉकमध्ये दिल्ली ही विनाशिका बांधून होत होती. १ फेब्रुवारी १९९१ ला ती पाण्यात उतरली होती, दाखल झाली १५ नोव्हेंबर १९९७ ला. रांगेत असलेली यंत्रं आणि शस्त्रं एका देशाकडून यायची होती, तो देशच राहिला नाही. एक भाग रशियात, दुसरा युक्रेनमध्ये, कागदपत्रं तिसरीकडे. मग २०१४ मध्ये त्या दोन देशांचं बिनसलं, आणि युक्रेनने रशियाच्या युद्धनौकांना टर्बाइन देणं थांबवलं. रशियात अर्धवट राहिलेल्या दोन फ्रिगेट, म्हणजे विनाशिकेहून लहान युद्धनौका, आपण घेतल्या आणि त्यांच्यासाठी युक्रेनकडून टर्बाइन आपणच विकत घेऊन रशियाला पोचवली. त्यातली तुशील डिसेंबर २०२४ मध्ये कॅलिनिनग्राडला दाखल झाली, तमाल १ जुलै २०२५ ला. परदेशात बांधलेली ही शेवटची युद्धनौका, असं नौदलाने तेव्हा जाहीर केलं. ते ऐकून मला फार बरं वाटलं. पण खरी कसोटी टर्बाइनची आहे. सांगाडा आपला आणि हृदय दुसऱ्याचं असेल, तर युद्धाच्या वेळी आपण पुन्हा त्याच दारात उभे असू.

पोलादात मात्र आपण ते करून दाखवलं आहे. विक्रांत या देशात बांधलेल्या विमानवाहू नौकेसाठी लागणारं पोलाद बाहेरून यायचं होतं, ते जमलं नाही. मग हैदराबादच्या संरक्षण धातुशास्त्र प्रयोगशाळेने आणि स्टील अथॉरिटीने मिळून डीएमआर-२४९ए हे पोलाद तयार केलं, आणि विक्रांतसाठी सुमारे ३०,००० टन विशेष पोलाद पुरवलं गेलं. तेव्हा अडून केलेल्या त्या कामाचा फायदा आज इथे बांधल्या जाणाऱ्या इतर युद्धनौकांना मिळतो आहे. विक्रांत २ सप्टेंबर २०२२ ला दाखल झाली. खर्च सुमारे २०,००० कोटी, ७६ टक्के काम देशी. वेल्डिंग करणाऱ्याला विचारा, तो सांगेल की नव्या पोलादाला नवी वेल्डिंग रॉड लागते, नवी उष्णता लागते, आणि सांध्यांचे एक्स-रे नापास होत होत हात बसतो.

आता तिसरा प्रश्न, सात-आठ वर्षांचा. निलगिरी २०१९ मध्ये पाण्यात उतरली तेव्हा तिचं वजन सुमारे २,७०० टन होतं. पूर्ण वजन ६,६७०. म्हणजे फुलं उधळून जे पाण्यात सोडलं, तो जेमतेम अर्धाही नव्हता. इंजिनं, शेकडो किलोमीटर केबल, पाइप, रडार, शस्त्रं आणि त्यांची आपसातली बोलणी, हे सगळं पुढच्या पाच वर्षांतलं. आधी धक्क्याला बांधून चाचण्या, मग समुद्रात, मग पूर्ण वेगाच्या, मग शस्त्रांच्या. प्रत्येक चाचणीत काही निघतं, परत या, उघडा, पुन्हा जा. विक्रमादित्यचं उदाहरण सगळ्यांनी वाचलं असेल. २०१२ मध्ये रशियात पूर्ण वेगाच्या चाचणीत तिच्या बॉयलरांचं आतलं अस्तर ढासळलं आणि दाखल व्हायला आणखी वर्ष गेलं. लोक हसले. मला त्यात हसण्यासारखं काही दिसलं नाही, कारण चाचणी त्यासाठीच असते. युद्धात ढासळण्यापेक्षा चाचणीत ढासळलेलं बरं.

त्यातही पहिलं जहाज सगळ्यात हळू होतं. ज्या वर्गात सात नौका आहेत त्यातली पहिली, निलगिरी, ९३ महिन्यांत झाली. माझगाव डॉकने त्याच वर्गातली तारागिरी ८१ महिन्यांत दिली. माणसं तीच, आराखडा तोच, पण चुका एकदा झालेल्या. शिवाय आता जहाज ब्लॉकमध्ये, म्हणजे मोठ्या तुकड्यांत, बांधतात. प्रत्येक ब्लॉक शेडमध्येच पाइप-केबलसकट भरायचा आणि मग जोडायचा. उभ्या जहाजाच्या पोटात वाकून वेल्डिंग करण्यापेक्षा शेडमध्ये उलट्या ठेवलेल्या ब्लॉकवर खाली बघत वेल्डिंग करणं किती वेगळं, हे केलेल्यालाच कळेल. मला काळजी वेगळीच वाटते. सात नौका संपल्या की पुढची मागणी दोन-तीन वर्षं लांबली, तर हा बसलेला हात सुटतो. वेल्डर दुबईला जातो, पॅटर्नमेकर निवृत्त होतो, आणि पुढच्या वर्गातली पहिली नौका पुन्हा शून्यापासून.

पाणबुड्यांकडे वळतो, कारण पुढची काही वर्षं सर्वात रोचक काम तिथे आहे. फ्रेंच आराखड्याच्या सहा पाणबुड्यांचा करार २००५ मध्ये झाला, पहिली कलवरी डिसेंबर २०१७ मध्ये आली, सहावी वागशीर २०२५ मध्ये. उशीर झाला तो झालाच, पण मला जास्त खुपतं ते दुसरं. या पाणबुड्या आल्या, त्यांच्यासाठी ठरवलेला नवा टॉर्पेडो आला नाही. खरेदी रद्द झाली आणि त्यांना जुन्या टॉर्पेडोंवर भागवावं लागलं. देशी जड टॉर्पेडो बसवण्याचा ८७७ कोटींचा करार डिसेंबर २०२४ मध्ये झाला. त्याच दिवशी दुसरा करार माझगाव डॉकशी झाला, १,९९० कोटींचा, आणि त्यात एक मराठी धागा आहे. डिझेल पाणबुडीला बॅटरी भरायला ठरावीक काळाने वर येऊन हवा घ्यावी लागते, आणि वर आली की ती दिसते. अंबरनाथच्या नौदल पदार्थ संशोधन प्रयोगशाळेने इंधन-पेशीवर चालणारी अशी यंत्रणा केली आहे की पाणबुडी वर न येता कितीतरी जास्त काळ खाली राहू शकेल. ती बसवायची कशी? मोठ्या रिफिटच्या वेळी पाणबुडी मधोमध कापायची, दोन भाग दूर सरकवायचे, मध्ये नवा तुकडा घालायचा आणि पुन्हा जोडायचं. ज्या सांध्यावर खोल समुद्राचा दाब येणार, तो सांधा माणसाच्या हाताने होणार. अंबरनाथ लोकलने जाणाऱ्या लोकांना त्या स्टेशनजवळ हे काम चालतं याची कल्पनाही नसेल.

एक गोष्ट राहून जाऊ नये, कारण तिच्यावर फारसं कोणी बोलत नाही. आपल्या नौदलातली शेवटची सुरुंगविरोधी नौका, कोळिकोड, एप्रिल २०१९ मध्ये निवृत्त झाली. हे लिहितोय तोवर तिची जागा घेणारी एकही नौका आलेली नाही. मुंबई किंवा न्हावाशेवाच्या अरुंद मार्गात कोणी चार सुरुंग टाकले, तर सुरत आणि निलगिरी धक्क्यालाच अडकतील. विनाशिकेचा फोटो छान येतो, सुरुंग काढणाऱ्या नौकेचा येत नाही. तिच्या बांधणीला लाकूड किंवा फायबर लागतं, चुंबकत्व कमी ठेवावं लागतं, ते शास्त्र वेगळं, आणि करार पुन्हा पुन्हा रखडला. माझ्या मते आज ताफ्यातलं सर्वात मोठं भगदाड तेच आहे. उथळ पाण्यातल्या पाणबुडीविरोधी नौकांची रांग मात्र नीट चालली आहे. वसईजवळच्या अर्नाळा किल्ल्याचं नाव असलेली पहिली, १८ जून २०२५ ला दाखल झाली. डिझेल इंजिन आणि वॉटरजेटवर चालणाऱ्या या ७७ मीटरच्या नौका किनाऱ्याजवळ शत्रूची पाणबुडी शोधणार. मोठ्या नौकांच्या गोदीवर त्यांचा भारही पडत नाही.

आता तुमच्या भावाबद्दल. मेकॅनिकल डिप्लोमा चांगला पाया आहे. माझगाव डॉकमध्ये अप्रेंटिस आणि तांत्रिक पदांच्या जाहिराती निघतात, त्यांच्यावर लक्ष ठेवायला सांगा. नौदलात जायचं असेल तर वयाची अट आधी बघा. कुठेही गेला तरी तीन गोष्टी त्याने आत्ताच सुरू कराव्यात. पाइपचं ड्रॉइंग वाचायला शिकावं, नुसतं संगणकावर काढायला नव्हे. हातात पाइप घेऊन नकाशावरची फ्लँज ओळखता आली पाहिजे. अल्ट्रासोनिक आणि रेडिओग्राफी टेस्टिंगचा प्रमाणित कोर्स करावा. पुण्या-मुंबईत होतो आणि गोदीत त्या माणसाची कायम गरज असते. आणि डिझेल इंजिनाच्या कुठल्याही चांगल्या वर्कशॉपमध्ये सहा महिने काम करावं, मग ते ट्रकचं का असेना. बेअरिंगचा क्लिअरन्स हाताला कळायला लागला की बाकीचं गोदी शिकवते. पहिल्या वर्षी त्याला बिल्जमध्ये, म्हणजे इंजिनाखालच्या तेल-पाण्याच्या खोबणीत उतरवतील. गुडघ्यावर, हातात टॉर्च, डोक्यावर तापलेला पाइप. त्याला सांगा, तिथे नेमका कुठला पाइप कुठून कुठे जातो हे वहीत काढून ठेव. माझ्या त्या पहिल्या वहीचा उपयोग मला तीस वर्षांनी, दुसऱ्याच जहाजावर झाला होता.